चार पेन्सिल सेलचा इंजिनिअर

आधी एक कबुली. मी कॉन्व्हेंटचा. दहावीपर्यंत मराठी म्हणजे फक्त एक पेपर होता, तोही गाइड वाचून सोडवलेला. त्यामुळे ऱ्हस्व-दीर्घाच्या चुका सापडल्या तर पोटात घाला. संपादक मंडळातल्या एका सिनियरने मेसमध्ये ऐन जेवताना पकडून लेख मागितला, आणि हातात पोळीचा घास असताना माणूस नाही म्हणू शकत नाही!

विषय मात्र लगेच सुचला, कारण तो माझ्या रूममध्येच घडला होता. माझ्या रूम-पार्टनरकडे हातात धरून खेळायचा एक गेमिंग कन्सोल आहे. सबमिशनच्या भानगडीत दोन महिने तो कपाटात पडून होता. सबमिशन संपलं त्या रात्री आम्ही पाच-सहा जण पलंगावर दाटीवाटीने बसलो, कन्सोल सुरू केला, तर स्क्रीनवर हुकूम आला : आधी कन्सोल अपडेट करा. केला. मग गेम म्हणाला, आता मला अपडेट करा. आकडा होता नऊ जीबी! होस्टेलचं नेट, रात्री अकराची वेळ, सगळी विंग ऑनलाइन. सकाळी सहाला उठून पाहिलं तर ६४ टक्के. आणि त्याच वेळी लाइट गेली, राउटर बंद. खेळ राहिला बाजूला, आम्ही दात घासायला गेलो.

त्यानंतर दिवाळीत मिरजेला मामाकडे गेलो होतो. माळा साफ करताना एका बिस्किटाच्या पत्र्याच्या डब्यात मामाचा जुना गेम बॉय सापडला. मामा मस्कतला नोकरीला होता तेव्हा आणलेला. राखाडी रंग, विटेसारखा जड, सोबत टेट्रिसची एकच कॅसेट. कोपऱ्यावरच्या दुकानातून चार पेन्सिल सेल आणले, कॅसेटच्या तोंडावर फुंकर मारली (हा विधी मामाने शिकवला), स्विच सरकवला... टिंग! दोन-चार सेकंदांत खेळ सुरू. ना वाय-फाय, ना पासवर्ड, ना अपडेट. मामीच्या चकल्या तळून होईपर्यंत मी ठोकळे लावत बसलो होतो.

हे यंत्र कोणी बनवलं असेल, हा प्रश्न तेव्हा डोक्यात शिरला. शोधत गेलो आणि एका माणसाची गोष्ट हाती लागली. त्यांचं नाव गुनपेई योकोई.

योकोईंचा जन्म १० सप्टेंबर १९४१ रोजी जपानमधल्या क्योतो शहरात झाला. तिथल्याच दोशिशा विद्यापीठातून त्यांनी इलेक्ट्रॉनिक्सची पदवी घेतली. म्हणजे तसे ते आमच्याच ब्रँचचे! पण टॉपर वगैरे अजिबात नव्हते. इलेक्ट्रॉनिक्सच्या मोठ्या कंपन्यांनी त्यांना घेतलं नाही. मग घराजवळ आहे म्हणून १९६५ मध्ये गावातल्याच एका कंपनीत ते लागले. कंपनीचं नाव निन्टेन्डो. आज आपल्याला हे नाव फार मोठं वाटतं, पण तेव्हा ती पत्ते छापणारी कंपनी होती. १८८९ पासून हानाफुदा नावाचे जपानी पत्ते बनवायची. तिथे योकोईंचं काम काय, तर पत्ते तयार करणाऱ्या मशिनांची देखभाल. इलेक्ट्रॉनिक्सची डिग्री आणि हातात तेलाची बुधली. आपल्याकडे अशी नोकरी लागली तर नातेवाईक काय काय बोलतील, ते सांगायला नको.

मशिनं नीट चालत असली की देखभालीच्या माणसाला काम नसतं. अशा रिकाम्या वेळात योकोईंनी तिथल्याच लेथवर स्वतःसाठी एक खेळणं केलं. कात्रीसारखी दुमडणारी जाळी, मूठ दाबली की पुढे लांब जाणारी आणि टोकाला वस्तू पकडणारी. कंपनीचे अध्यक्ष हिरोशी यामाउची राउंडला आले असताना त्यांनी हे पाहिलं आणि योकोईंना ऑफिसात बोलावलं. आता नोकरी गेली, असं समजूनच ते गेले. पण यामाउचींनी त्यांना सांगितलं की याचं विकता येईल असं खेळणं बनव. १९६६ मध्ये ते अल्ट्रा हँड नावाने बाजारात आलं आणि दहा लाखांहून जास्त खपलं. देखभालवाला योकोई रातोरात खेळणी बनवणारा झाला.

१९६९ मध्ये त्यांनी लव्ह टेस्टर आणला. हा तर आमच्या होस्टेलमध्ये हातोहात खपला असता! मुलाने एक गोळा धरायचा, मुलीने दुसरा, आणि मोकळे हात एकमेकांच्या हातात. मग काटा सरकून प्रेम किती ते दाखवायचा. आत काय, तर आपण फर्स्ट इयरच्या लॅबमध्ये वापरतो तसा साधा मीटर. अंगातून जाणारा किंचितसा करंट मोजायचा, बस. हात घामेजले असले की प्रेम जास्त! त्या काळात जपानमध्ये चारचौघांत हात धरायची चोरी होती, त्यामुळे खरा उपयोग कशाचा होता ते हुशार वाचकांच्या लक्षात आलं असेलच.

या खेळण्यात योकोईंची सगळी पद्धत दिसते. तिला त्यांनी पुढे नावही दिलं. जपानीत त्याचा अर्थ साधारण असा, की वाळलेल्या, म्हणजे जुन्या होऊन मुरलेल्या तंत्रज्ञानाचा आडव्या दिशेने विचार करायचा. जे तंत्र सगळ्यांना माहीत आहे, ज्याचे गुणदोष कळून चुकलेत आणि जे स्वस्त झालंय, ते घ्यायचं आणि कोणी विचारही केला नसेल अशा ठिकाणी वापरायचं.

सत्तरच्या दशकात खिशातल्या कॅल्क्युलेटरची किमतीवरून तुंबळ लढाई झाली आणि त्यात एलसीडी अगदी स्वस्त झाले. एकदा बुलेट ट्रेनमध्ये योकोईंनी एका कंटाळलेल्या नोकरदाराला वेळ घालवायला कॅल्क्युलेटरची बटणं दाबत बसलेलं पाहिलं. दुसरा कोणी असता तर हसून झोपला असता. योकोईंना दिसलं, की या माणसाला खिशात मावेल आणि कोणाच्या डोळ्यावर येणार नाही असा खेळ हवाय. पुढे एकदा अध्यक्षांचा ड्रायव्हर आजारी पडला आणि गाडी चालवायची पाळी योकोईंवर आली, तेव्हा त्यांनी वाटेतच ही कल्पना यामाउचींच्या कानावर घातली. १९८० मध्ये गेम अँड वॉच आला. कॅल्क्युलेटरचाच पडदा, छोटी बटणं, आणि वर घड्याळ फुकट. १९९१ पर्यंत असे सुमारे ६० प्रकार आले आणि सगळे मिळून ४ कोटी ३४ लाख नग खपले.

१९८२ मध्ये यातल्याच डाँकी काँगसाठी त्यांनी अंगठ्याखाली बसणारं अधिक चिन्हाच्या आकाराचं बटण केलं. वर-खाली-डावीकडे-उजवीकडे, सगळं एकाच बटणात. आज कुठलाही कंट्रोलर उचला, डाव्या अंगठ्याखाली ते किंवा त्याचा भाऊबंद असतोच. १९८१ च्या मूळ डाँकी काँगच्या वेळी शिगेरु मियामोतो या तरुण डिझायनरवर देखरेख करणारेही योकोईच. मारिओ जन्मला तो त्याच खेळात.

पण गेम अँड वॉचमध्ये एक गोची होती. एका यंत्रात एकच खेळ. कंटाळा आला की नवा खेळ म्हणजे नवं यंत्र. याला उत्तर होतं गेम बॉय. यंत्र एकच, कॅसेट बदला, खेळ बदलेल. इथे एक गोष्ट प्रामाणिकपणे लिहायला हवी. गेम बॉय ही योकोईंच्या विभागाची निर्मिती असली तरी तांत्रिक बाजू मुख्यतः सातोरु ओकादा या त्यांच्या सहकाऱ्याने सांभाळली. योकोईंच्या मनात गेम अँड वॉचसारखंच साधं काहीतरी होतं, ओकादांनी जास्त ताकदीच्या यंत्रासाठी भांडण मांडलं, आणि अखेर योकोईंनी ते मान्य केलं. बॉस असून ज्युनियरचं ऐकणं हीसुद्धा इंजिनिअरिंगच आहे, असं मला वाटतं.

२१ एप्रिल १९८९ रोजी गेम बॉय जपानमध्ये विक्रीला आला. आठ बिटचा प्रोसेसर, १६० बाय १४४ ठिपक्यांचा हिरवट पडदा, रंगांच्या नावाने चार छटा, पडद्यामागे दिवा नाही. त्याच वर्षी अटारीचा लिंक्स आला, १९९० मध्ये सेगाचा गेम गिअर. दोघांचेही पडदे रंगीत आणि उजळ. कागदावर पाहिलं तर गेम बॉय तिसरा यायला हवा होता. पण त्या दोघांना सहा-सहा सेल लागायचे आणि चार-पाच तासांत ते सेल मान टाकायचे. गेम बॉय चार सेलवर दहा-पंधरा तास निवांत चालायचा. किंमत कमी, अंगाने दणकट. रंग नाहीत हे पोरं विसरली, सेल संपले हे मात्र कोणीच विसरत नाही! गेम बॉय आणि त्याची पुढची रंगीत आवृत्ती मिळून ११ कोटी ८६ लाखांच्या वर नग खपले. आपल्याकडे नव्वदीत जत्रेत आणि स्टेशनबाहेर मिळणारे ब्रिक गेम आठवतात का? ९९९९ इन १ लिहिलेले? ते याच टेट्रिसचे आणि याच विटेचे गरीब चुलतभाऊ.

आता पुन्हा त्या अपडेटकडे येतो. गेम बॉयची टेट्रिसची कॅसेट फक्त ३२ केबीची आहे. सकाळी फॅमिली ग्रुपवर येणारा शुभ सकाळचा गुलाबसुद्धा त्याहून जड असतो! हे ३२ केबी कारखान्यातच रॉममध्ये कोरले जायचे. एकदा कोरले की दगडावरची रेघ, नंतर दुरुस्ती नाही. म्हणून कॅसेट बाहेर पडण्याआधी तपासून तपासून पाहावी लागायची. तरी चुका राहायच्याच. १९९६ मध्ये आलेल्या पोकेमॉनमध्ये पहिल्या कॅसेटमधल्या चुका कायमच्या राहिल्या. त्याच वर्षी जपानमध्ये सुधारलेली निळी आवृत्ती आली, पण ती वेगळी कॅसेट म्हणून. म्हणजे त्या काळचं अपडेट पिशवीत घालून घरी आणावं लागायचं. आज चूक सापडली की आठवड्यात पॅच येतो, हे चांगलंच आहे. पण त्यामुळे अर्धंकच्चं बाहेर सोडायची सवयही लागली. आणि अपडेट म्हणजे दुसऱ्याच्या सर्व्हरवरचा भरवसा. निन्टेन्डोच्याच थ्री-डीएसच्या ऑनलाइन दुकानातली खरेदी मार्च २०२३ मध्ये बंद झाली. मामाच्या कॅसेटला मात्र कोणाची परवानगी लागली नाही.

योकोईंची गोष्ट इथेच संपली असती तर किती छान झालं असतं. पण १९९५ मध्ये त्यांनी व्हर्च्युअल बॉय आणला. डोळे लावून पाहायचं, आत त्रिमितीचा भास, पण सगळं लाल आणि काळं. टेबलावर ठेवून मान वाकवून खेळायचं. लोकांची डोकी आणि डोळे दुखायला लागले. सगळे मिळून २२ खेळ निघाले, साधारण पावणेआठ लाख नग गेले आणि वर्षभरात गाशा गुंडाळावा लागला. आयुष्यभर मुरलेल्या तंत्रावर विसंबणाऱ्या माणसाचा पाय नेमका न मुरलेल्या कल्पनेवर घसरला.

१९९६ मध्ये त्यांनी गेम बॉय पॉकेट हे सडपातळ मॉडेल पूर्ण करून दिलं आणि ऑगस्टमध्ये, ३१ वर्षांनंतर, निन्टेन्डो सोडली. अपयशामुळे त्यांना काढलं असं बरेच जण सांगतात, पण स्वतंत्र होण्याचं त्यांच्या मनात आधीपासून होतं. क्योतोतच त्यांनी कोतो नावाची छोटी कंपनी काढली आणि बांदाई कंपनीसाठी नवा कन्सोल करायला घेतला. वय ५५. पुन्हा तोच हट्ट : साधं, स्वस्त, सेल कमी खाणारं.

४ ऑक्टोबर १९९७. इशिकावा भागातल्या एक्स्प्रेसवेवर त्यांच्या गाडीचा किरकोळ अपघात झाला. किती नुकसान झालंय ते पाहायला ते खाली उतरले आणि मागून आलेल्या दुसऱ्या गाडीने त्यांना उडवलं. वय अवघं ५६. हे वाचलं तेव्हा मी लॅपटॉप बंद करून थोडा वेळ नुसताच बसलो. काही बिघडलं की खाली उतरून स्वतः पाहायचं, ही तर देखभालवाल्याची सवय.

मार्च १९९९ मध्ये वंडरस्वान नावाने त्यांचा तो कन्सोल बाजारात आला. एका पेन्सिल सेलवर चालणारा. फक्त एका! त्याच्यासोबत आलेल्या एका कोड्याच्या खेळाला त्यांच्या आठवणीत गुनपे असं नाव दिलं होतं. २००३ मध्ये जगभरातल्या गेम बनवणाऱ्यांनी त्यांना मरणोत्तर जीवनगौरव पुरस्कार दिला.

आता माझं सांगतो. या सेमला इंटर्नशिपची यादी लागली, त्यात माझं नाव नव्हतं. दोन दिवस मेसला गेलो नाही. आमच्या प्रोजेक्ट ग्रुपमध्येही वाद चालू होता. सगळ्यांना बाहेरून मागवायचा महागडा बोर्ड हवा होता, कारण नाव ऐकून एक्स्टर्नल खूश होतील. मिरजेहून परत आल्यावर मी लॅबच्या कपाटातला धूळ खात पडलेला ८०५१ काढला. ग्रुपमधले आधी हसले. मग हिशोब मांडला : मेसच्या पाण्याच्या टाकीची पातळी दाखवायला याहून जास्त काय लागतं? आता काम सुरू आहे. टाकी अजून खोटं बोलते, पण आधीपेक्षा कमी.

कॅम्पसमध्ये पहिल्या फेरीत नाव आलं नाही म्हणून इंजिनिअर संपत नाही, हे मला पत्त्यांच्या कारखान्यात तेल घालणाऱ्या एका माणसाने शिकवलं. मामाने गेम बॉय मला देऊन टाकलाय. रूम नंबर सांगत नाही, नाहीतर रांग लागेल. ज्याला खेळायचं असेल त्याने यावं, फक्त सेल आपापले आणावेत!

— टी. ई. (ई अँड टी. सी.)