दादासाहेब फाळके

चित्रपट म्हणजे मुलांस बिघडविणारा खेळ, असें पुष्कळ पालक म्हणतात. आम्हां शिक्षकांचें मतहि फारसें निराळें नसतें. तथापि ज्या पुरुषानें ही कला आपल्या देशांत रुजविली, त्याचें चरित्र आमच्या विद्यार्थ्यांनीं अवश्य जाणावें, असें आम्हांस वाटतें.

धुंडिराज गोविंद फाळके यांचा जन्म ३० एप्रिल १८७० रोजीं त्र्यंबकेश्वरीं झाला. मुंबईची जे. जे. कलाशाळा व बडोद्याचें कलाभवन येथें ते चित्रकला व छायालेखन शिकले. गोध्र्यास त्यांनीं छायालेखनाचा धंदा मांडला. परंतु साथींत पत्नी व मूल दगावलें. पुढें छापखाना काढला, तोहि भागीदारांशीं न पटल्यामुळें सोडावा लागला.

चाळिशीच्या सुमारास मुंबईंत त्यांनीं प्रभु येशूच्या चरित्राचा मूकपट पाहिला. आपल्या पुराणांतील राम-कृष्णहि असेच पडद्यावर कां दिसूं नयेत, हा विचार त्यांच्या मनांत शिरला, तो कायमचाच. अतिश्रमानें कांहीं काळ त्यांची दृष्टि गेली. तरीहि विम्याची पॉलिसी गहाण टाकून १९१२ सालीं ते विलायतेस गेले व ही विद्या शिकून, कॅमेरा घेऊन परतले.

३ मे १९१३ रोजीं मुंबईंत ‘राजा हरिश्चंद्र’ लागला. कामास एकहि स्त्री मिळेना. तेव्हां साळुंके नांवाच्या उपाहारगृहांतील आचाऱ्यानें तारामतीची भूमिका केली. पत्नी सरस्वतीबाईंनीं दागिने दिले, सर्व मंडळींचा स्वयंपाक केला, आणि रात्रीं फिल्मला भोकें पाडण्याचें कामहि केलें. अद्भुत गोष्टी खऱ्या भासविण्याची फाळक्यांची हातोटी विलक्षण होती. ‘लंकादहन’ (१९१७) मधील मारुतीचें उड्डाण पाहून लोक थक्क झाले. ‘कालियामर्दन’ (१९१९) मध्यें त्यांची कन्या मंदाकिनी बाळकृष्ण झाली होती.

१९१८ सालीं धनिक भागीदारांसह त्यांनीं नवी कंपनी काढली. परंतु दुसऱ्याच्या हुकुमतींत काम करणें त्यांच्या स्वभावास मानवेना. कंपनी सोडून ते काशीस गेले, पुन्हां परतले. पुढें बोलपट आले व त्यांचा काळ मागें पडला. ‘गंगावतरण’ (१९३७) हा त्यांचा अखेरचा चित्रपट. १६ फेब्रुवारी १९४४ रोजीं नाशिकास ते वारले, तेव्हां हा धंदा त्यांस जवळजवळ विसरला होता. १९६९ सालापासून त्यांच्या नांवानें राष्ट्रीय पुरस्कार देण्यांत येऊं लागला.

आमच्या मुलांनीं चित्रपटांच्या नादीं लागावें, असें आम्ही म्हणत नाहीं. देवानें दिलेले गुण पुरून न ठेवतां वाढवावे, आणि त्यांची किंमत स्वतः मोजावी, एवढेंच या चरित्रावरून त्यांनीं शिकावें.