ॲग्नेसचा पत्र्याचा ट्रे

अकरावीच्या बायोलॉजीत पेशीपटलाची आकृती काढल्याचं आठवतंय? गोल डोकं आणि दोन शेपट्या, अशा रेणूंच्या समोरासमोर दोन रांगा आणि मधेमधे खुपसलेले प्रोटीनचे बटाटे. मार्कांपुरती आपण ती डोळे मिटून काढायचो. पण रांगा दोनच का? हे कुणी मोजलं, आणि कशात मोजलं? याचा माग काढत गेलात तर तुम्ही जर्मनीतल्या ब्राउनश्वाइग शहरातल्या एका घरात पोचता. तिथल्या मुलीला कॉलेजात जाताच आलं नव्हतं.

ॲग्नेस पॉकल्स तिचं नाव. जन्म १८६२ चा, व्हेनिसमधला. वडील ऑस्ट्रियाच्या सैन्यात होते. मलेरियाने त्यांची तब्येत ढासळली आणि १८७१ मध्ये कुटुंब ब्राउनश्वाइगला आलं. शाळेत ॲग्नेसला फिजिक्सचं वेड लागलं, पण मुलींच्या शाळेनंतर पुढे रस्ताच नव्हता. तिथली विद्यापीठं तेव्हा मुलींना घेत नव्हती. तिच्याहून तीन वर्षांनी लहान भाऊ फ्रीड्रिश मात्र फिजिक्स शिकला, प्रोफेसर झाला. ऑप्टिक्समध्ये पॉकल्स इफेक्ट भेटतो ना, तो त्याचा. त्याची पुस्तकं ॲग्नेस वाचून काढायची. पुढे विद्यापीठांची दारं उघडू लागली, तेव्हा आजारी आईवडिलांना ती घरीच हवी होती. ती राहिली. स्वयंपाक, औषधपाणी, भांडी.

खरकट्या पाण्यावरच्या तेलकट तवंगाकडे बघता बघता तिला हा विषय सुचला, असं सांगतात. किस्सा खरा असेल नसेल, तिने बनवलेलं यंत्र मात्र पक्कं माहीत आहे. तेव्हा ती जेमतेम विशीची होती. पत्र्याचा एक लांबट ट्रे, ७० सेंटिमीटर लांब, ५ रुंद, २ खोल. तो काठोकाठ पाण्याने भरायचा. वर आडवी पत्र्याची पट्टी ठेवायची, पाण्याला जेमतेम टेकलेली. पट्टी सरकवली की एका बाजूचा पृष्ठभाग आकसतो, दुसरीकडचा पसरतो. किती, ते शेजारच्या मोजपट्टीवर वाचायचं. मग ६ मिलिमीटरची एक चकती पाण्याला टेकवायची आणि ती सुटायला किती वजन लागतं ते तराजूवर बघायचं. झालं पृष्ठताणाचं मोजमाप! आणि खरी हुशारी पुढेच आहे. तीच पट्टी पाण्यावरून फिरवली की पृष्ठभागावरची घाण एका बाजूला लोटली जाते आणि स्वच्छ पाणी मिळतं. मोठमोठ्या लॅबमधली मापं या घाणीपायीच बिघडायची.

तिला दिसलं ते असं. तेलाचा थर पातळ पसरलेला असेल तोवर पाण्याचा ताण जवळपास तसाच राहतो. पट्टी सरकवत थर दाबत नेला की एका ठरावीक हद्दीनंतर ताण भसकन उतरायला लागतो. म्हणजे तोवर ऐसपैस असलेले तेलाचे कण आता खांद्याला खांदा लावून उभे राहिले आहेत.

ही निरीक्षणं जवळपास दहा वर्षं वहीतच पडून होती. जर्मन नियतकालिकं तिचं काही छापतील असं दिसत नव्हतं. इंग्लंडमधले लॉर्ड रॅले याच विषयावर काम करताहेत असं वाचल्यावर जानेवारी १८९१ मध्ये तिने त्यांना थेट पत्र लिहिलं, जर्मनमध्ये. विचार करा, डिग्री नाही, ओळख नाही, आणि पत्र कुणाला, तर त्या काळच्या अगदी वरच्या फळीतल्या शास्त्रज्ञाला! रॅलेंच्या पत्नीने भाषांतर केलं. रॅले स्वतः हेच प्रयोग करत होते, पत्र दाबून ठेवणं त्यांना सहज जमलं असतं. त्यांनी ते नेचरकडे पाठवून छापायची शिफारस केली. १२ मार्चच्या अंकात ते आलं.

अमेरिकेत आयर्व्हिंग लँगम्युअरने तिच्या ट्रेवरून अधिक नेमका ट्रे बनवला आणि १९१७ मध्ये तेलाचा असा थर एकाच रेणूइतका जाड असतो हे पक्कं केलं. मग १९२५ मध्ये नेदरलँड्सच्या लायडनमध्ये गॉर्टर आणि ग्रेन्डेल यांनी त्याच ट्रेत आपल्या आकृतीचा निकाल लावला. त्यांनी रक्तातल्या तांबड्या पेशी घेतल्या. सस्तन प्राण्यांच्या या पेशींत केंद्रक नसतं, आत दुसरी पटलं नसतात. सगळा स्निग्धांश काय तो बाहेरच्या पटलातला. तो काढून पाण्यावर पसरला, तर थर भरला पेशींच्या पृष्ठभागाच्या दुप्पट. म्हणजे रांगा दोन. गंमत म्हणजे त्यांच्या दोन चुका झाल्या होत्या. स्निग्धांश पूर्ण निघाला नव्हता आणि पेशींचा पृष्ठभागही कमी धरला गेला होता. दोन्ही चुकांनी एकमेकींना सांभाळून घेतलं आणि उत्तर बरोबर आलं. प्रॅक्टिकलला असं नशीब आपल्याला कधी लाभत नाही!

आणि या रांगा कवायतीसारख्या स्तब्ध नसतात. ॲग्नेसच्या ट्रेत पट्टी मागे घेतली की थर आपणहून पसरायचा, तसंच इथे. रेणू शेजाऱ्याशी सेकंदाला लाखो वेळा जागा बदलतात. शेपट्या सरळ असतील तर दाटीवाटीने बसतात आणि पटल घट्ट होतं. वाकड्या असतील तर मोकळं राहतं. थंडीत खोबरेल गोठतं पण करडईचं तेल वाहतं, त्यामागे हेच कारण. १९७० मध्ये उंदराची आणि माणसाची पेशी एकत्र जोडली, तर दोघांची प्रोटीन्स ४० मिनिटांत पार मिसळून गेली. दोन वर्षांनी सिंगर आणि निकोलसन यांनी फ्लुइड मोझॅक मॉडेल मांडलं, तेच आपल्या पुस्तकातलं.

हे बघायला ॲग्नेस नव्हती. घर सांभाळून ती पेपर लिहीत राहिली होती. १९१३ मध्ये भाऊ गेला, पुढच्या वर्षी आई गेली आणि महायुद्धही सुरू झालं. काम रोडावत गेलं. १९३२ मध्ये तिच्याच शहरातल्या तंत्रविद्यापीठाने तिला मानद डॉक्टरेट दिली, वयाच्या सत्तराव्या वर्षी. त्याच वर्षी पृष्ठभागांच्या रसायनशास्त्रासाठी लँगम्युअरला नोबेल मिळालं. तीन वर्षांनी ती वारली. आज लॅबमध्ये तो ट्रे मागवायचा असेल, तर कॅटलॉगमध्ये लँगम्युअर ट्रफ या नावाने शोधावा लागतो.