पडद्यामागच्या सरस्वतीबाई

शाळेच्या स्नेहसंमेलनात मी कधी रंगमंचावर गेले नाही. पडदा ओढणे, मुकुट जपणे, ऐन वेळी हरवलेली दाढी शोधून देणे ही माझी कामे. स्मरणिकेसाठी लिही, असा निरोप आला तेव्हा मला सरस्वतीबाई फाळके आठवल्या.

१९०२ साली त्यांचे लग्न धुंडिराज गोविंद फाळके यांच्याशी झाले. दादासाहेब छायाचित्रकार आणि छपाईतले जाणकार. पण भागीदारीत मतभेद झाले आणि त्यांनी छापखाना सोडला. पुढे मुंबईत येशू ख्रिस्ताच्या जीवनावरचा मूकपट पाहून ते झपाटले. पुन्हा पाहायला गेले ते सरस्वतीबाईंना घेऊनच. घरात मिळकत नाही, मुले लहान आणि नवऱ्याला सिनेमा काढायचा! सरस्वतीबाईंनी दागिने काढून दिले.

१९१२ मध्ये दादासाहेब लंडनहून विल्यमसन कॅमेरा आणि फिल्मला भोके पाडायचे यंत्र घेऊन आले. तेव्हा कच्ची फिल्म भोकांशिवाय येई. कडेची भोके कॅमेऱ्याच्या दात्यांत अडकतात, म्हणून फिल्म पुढे सरकते. भोक चुकले की पडद्यावरचे चित्र थरथरते. हे काम अंधारात, हाताच्या अंदाजाने करायचे. ते सरस्वतीबाई शिकल्या, फिल्म धुणेही शिकल्या. फुटाला एका कडेला ६४ भोके. ‘राजा हरिश्चंद्र’ सुमारे ३,७०० फुटांचा. म्हणजे तयार चित्रपटाच्या एकाच कडेची भोके दोन लाखांवर जातात. इंजिनिअरच्या सवयीने हा गुणाकार केला आणि थक्क झाले.

ही रात्रीची कामे. दिवसा दादरच्या घरी साठ-सत्तर माणसांचा स्वयंपाक, आणि चित्रीकरणाच्या वेळी ऊन परतवायला पांढरी चादर धरून उभे राहणे. तारामतीच्या भूमिकेसाठी बाई मिळेना, तेव्हा दादासाहेबांनी त्यांनाच विचारले. त्यांनी नकार दिला. त्या कॅमेऱ्यासमोर उभ्या राहिल्या असत्या, तर मागचे हे सगळे कोणी पाहिले असते? अखेर तारामती झाले साळुंके, आणि रोहिदास झाला त्यांचाच मुलगा भालचंद्र. ३ मे १९१३ रोजी गिरगावातल्या कोरोनेशनमध्ये चित्रपट लागला.

पुढे बिऱ्हाड नाशिकला गेले. कंपनी उभी राहिली, मोडली, पैसा आला आणि गेला. १९४४ साली दादासाहेब तिथेच वारले. त्यांच्या नावाचा पुरस्कार सारा देश ओळखतो. सरस्वतीबाईंचे नाव मात्र २००९ सालच्या ‘हरिश्चंद्राची फॅक्टरी’मुळे आपल्यापैकी अनेकांना प्रथम नीट कळले.

मी सॉफ्टवेअरमध्ये आहे. आमचे काम चोख चालले की कोणाच्या लक्षातही येत नाही, म्हणून हे मला जरा जास्त लागते.

मित्रमैत्रिणींनो, या मेळाव्याच्या खुर्च्या, जेवण आणि वर्गणीचा हिशेब आपल्यातलेच काही जण गेले कित्येक महिने सांभाळत आहेत. सर, बाई, सर्वांचा एकत्र फोटो काढताना आधी त्यांना हाक मारूया. ते बहुधा स्वयंपाकघरापाशी सापडतील.