‘दिवा वाढव’ म्हणजे काय? कुरुंद्याचे नरहर कुरुंदकर आणि अर्थाचं कोडं

घरातल्या स्मार्ट स्पीकरला ‘दिवा वाढव’ म्हणून बघा. तो बहुधा बल्बचा उजेड वाढवेल. जुन्या वळणाची आजी मात्र दिवा मालवेल, कारण ‘विझव’ हा शब्द तिला अशुभ वाटतो. शब्द तेच, पण काम अगदी उलटं.

या कोड्यावर मराठीत गंभीरपणे लिहिणारा एक माणूस मराठवाड्यातल्या कुरुंद्याचा होता. नरहर कुरुंदकर यांचा जन्म 15 जुलै 1932 रोजी झाला. गाव तेव्हा परभणी जिल्ह्यात होतं, आज हिंगोलीत आहे. राज्य निजामाचं होतं, म्हणजे घरात मराठी आणि कचेरीत उर्दू. मामा ना. गो. नांदापूरकर मराठीचे प्राध्यापक. भाचा मात्र इंटरच्या परीक्षेत पुन्हा पुन्हा नापास झाला! वाचन दांडगं होतं, परीक्षा काही जमेना. पुढे नांदेडला आधी शाळेत शिक्षक, मग पीपल्स कॉलेजात मराठीचे प्राध्यापक आणि शेवटी तिथलेच प्राचार्य.

त्यांना आपण ‘शिवरात्र’, ‘जागर’ यांसाठी ओळखतो. पण 1960 च्या दशकात त्यांनी ‘रिचर्ड्सची कलामीमांसा’ हे पुस्तक लिहिलं, ते फारसं कुणी उघडत नाही. माझ्या मते टेक्नॉलॉजीवाल्यांनी तरी उघडावं.

आय. ए. रिचर्ड्स हे केंब्रिजचे समीक्षक. 1923 मध्ये त्यांनी सी. के. ऑग्डेन यांच्यासोबत अर्थाच्या अर्थावरच एक ग्रंथ लिहिला. शब्द आणि वस्तू यांच्यात थेट दोरी नसते, मध्ये माणसाचा विचार असतो, हा त्यातला मुद्दा. पुढे 1929 मध्ये त्यांनी अर्थाचे चार पदर सांगितले: सांगितलेली गोष्ट, त्याबद्दलची भावना, ऐकणाऱ्याशी असलेला सूर आणि बोलण्यामागचा हेतू.

आता आपली भाषा घ्या. ‘रामाने वाघाला मारलं’ आणि ‘वाघाला रामाने मारलं’ यांत शब्दांची जागा बदलली, तरी मेला वाघच. कारण मराठीत ‘ने’ आणि ‘ला’ हे प्रत्यय काम सांभाळतात. ही झाली वाक्यरचना. ‘वाढवणे’चे दोन अर्थ, हा शब्दार्थ. आणि पाहुणा दारात उभा राहून ‘बरं, येतो’ म्हणतो, तेव्हा तो निघालेला असतो! तिथे व्याकरण आणि शब्दकोश दोन्ही हात टेकतात. प्रसंग माहीत असावा लागतो. चॅटबॉटची फजिती बहुतेक इथेच होते. वाक्य नीट, अर्थ बरोबर, पण टोमणा डोक्यावरून जातो.

कुरुंदकरांनी भरताच्या नाट्यशास्त्रावरही लिहिलं. नाटकात तर शब्दाइतकाच आवाज, चेहरा आणि हात बोलतात. ते स्वतः फर्डे वक्ते होते. सभेत समोर कोण बसलंय हे बघून बोलणारे.

10 फेब्रुवारी 1982 रोजी तेव्हाच्या औरंगाबादेत एका कार्यक्रमात, व्यासपीठावरच त्यांना हृदयविकाराचा झटका आला आणि ते गेले. वय अवघं 49. कॉम्प्युटर तेव्हा नांदेडला पोचायचा होता.