अलेक्झांडर गिब्सन

अलेक्झांडर गिब्सन (२४ ऑक्टोबर, इ.स. १८०० – १६ जानेवारी, इ.स. १८६७) हे स्कॉटलंडमध्ये जन्मलेले शल्यचिकित्सक, वनस्पतिशास्त्रज्ञ आणि मुंबई इलाख्याचे पहिले वनसंरक्षक होते. दापोडी येथील सरकारी वनस्पती उद्यान आणि जुन्नरजवळील हिवरे येथील औषधी वनस्पतींची बाग यांचे ते अधीक्षक होते. इमारती लाकूड, जहाजबांधणी आणि लाकडी सामानासाठी सह्याद्रीत चाललेल्या बेसुमार तोडीकडे सरकारचे लक्ष वेधणाऱ्या पहिल्या अधिकाऱ्यांमध्ये त्यांची गणना होते. निकोल अलेक्झांडर डॅल्झेल यांच्यासह त्यांनी लिहिलेला 'द बॉम्बे फ्लोरा' हा ग्रंथ पश्चिम भारतातील वनस्पतींच्या अभ्यासाचा एक आधारग्रंथ मानला जातो.

सुरुवातीचे जीवन

गिब्सन यांचा जन्म स्कॉटलंडमधील किंकार्डिनशायर परगण्यात झाला. एडिंबरा येथे वैद्यकाचे शिक्षण घेऊन ते ईस्ट इंडिया कंपनीच्या नोकरीत साहाय्यक शल्यचिकित्सक म्हणून रुजू झाले आणि १८२५ च्या सुमारास मुंबई इलाख्यात आले. त्या काळी वैद्यकाच्या शिक्षणात वनस्पतिशास्त्राला मोठे स्थान होते, कारण बहुतेक औषधे झाडपाल्यापासूनच तयार होत. त्यामुळे कंपनीचे अनेक डॉक्टर पुढे वनस्पतिशास्त्रज्ञ म्हणून ओळखले गेले. मराठी, गुजराती आणि हिंदुस्थानी या भाषांचे ज्ञान त्यांनी मिळवले होते. दख्खन आणि खानदेशात देवीची लस टोचण्याच्या कामावर असताना त्यांना गावोगाव फिरावे लागे. शेती, माती, पाणी आणि झाडझाडोरा यांविषयीची त्यांची माहिती या फिरस्तीतून जमा झालेली आहे. इलाख्यातील शेतीपद्धतीवरील त्यांचा विस्तृत लेख १८४६ मध्ये रॉयल एशियाटिक सोसायटीच्या नियतकालिकात प्रसिद्ध झाला.

दापोडीचे उद्यान

पुण्याजवळ पवना आणि मुळा या नद्यांच्या संगमानजीक असलेल्या दापोडी येथे पेशव्यांच्या पदरी असलेल्या कॅप्टन फोर्ड यांचा बंगला होता. मुंबईचे गव्हर्नर सर जॉन माल्कम यांच्या कारकिर्दीत, १८२८ मध्ये, सरकारने तो विकत घेतला आणि तेथे वनस्पती उद्यान सुरू केले. चार्ल्स लश यांच्यानंतर १८३८ मध्ये उद्यानाची सूत्रे गिब्सन यांच्याकडे आली. इंग्रजी कागदपत्रांत या ठिकाणाचा उल्लेख 'दापुरी' असा येतो.

उद्यान शोभेसाठी नव्हते. परदेशी फळझाडे, भाजीपाला आणि व्यापारी पिके येथे लावून पाहिली जात आणि रोपे व बियाणे यांचे वाटप होई. रस्त्यांच्या कडेला लावण्यासाठीही झाडे पुरवली जात.

हिवरे येथील बाग

पुण्याच्या उत्तरेला सुमारे ७५ किलोमीटरवर नारायणगाव आहे. त्या परिसरातील हिवरे येथे दापोडीच्या उद्यानाची शाखा होती. कंपनीच्या दवाखान्यांना लागणारी औषधे विलायतेहून जहाजाने येत. ती महाग पडत आणि प्रवासात जुनी होऊन त्यांचा गुण कमी होई. हीच औषधे येथे पिकवता आली तर खर्च वाचेल, या विचाराने हिवरे येथे लागवड करण्यात आली. सोनामुखी आणि खुरासानी ओवा या त्यांपैकी प्रमुख वनस्पती होत. गिब्सन यांनी पुणे परिसरात पिकवलेल्या सोनामुखीची विलायतेतील तज्ज्ञांनीही दखल घेतली.

या बागेचे महत्त्व तिच्या जागेमुळेही आहे. जुन्नर आणि आंबेगाव हे दोन्ही तालुके पूर्वेला मोकळ्या, बागायती मुलखात पसरलेले असून पश्चिमेला ते नाणेघाट, आहुपे आणि भीमाशंकर यांच्या दाट पावसाच्या पट्ट्यात चढत जातात. कुकडी, मीना आणि घोड या नद्या याच डोंगरांत उगम पावतात. अवघ्या दोन-तीन दिवसांच्या पायी प्रवासात कोरडवाहू माळ, सागवानाची पानझडी राने आणि घाटमाथ्यावरची सदाहरित झाडी पाहायला मिळते. डोंगरावरचे रान आणि खालच्या विहिरींचे पाणी यांचा संबंध समजून घेण्यास यापेक्षा सोयीची जागा सापडणे कठीण.

सह्याद्रीतील लाकूडतोड

झाडे राखण्याचे नियम या भागात इंग्रजांच्या आधीही होते. रामचंद्रपंत अमात्य यांच्या आज्ञापत्रात आरमारासाठी लागणारे लाकूड परवानगीने व मोजकेच तोडावे, आंबा-फणसासारखी झाडे मालकाला राजी करून आणि मोबदला देऊनच घ्यावीत, असा निर्देश आहे. पेशवाई संपल्यानंतर तोडीचा वेग मात्र वाढला आणि त्याची कारणे एकाहून अधिक होती. मुंबईच्या गोदीत सागवानी जहाजे बांधली जात. १८१७ मध्ये तेथे बांधलेले 'ट्रिंकोमाली' हे जहाज इंग्लंडमध्ये आजही टिकून आहे, यावरून त्या लाकडाची प्रत समजते. वाढत्या शहराला घरांसाठी तुळया, वासे व फळ्या लागत, चुलीसाठी सरपण आणि लोहारासाठी कोळसा लागे. १८५३ मध्ये मुंबई–ठाणे रेल्वे सुरू झाल्यावर रुळांखालच्या स्लीपरांची भर पडली.

यांत शिसवी सामानाच्या धंद्याचा स्वतंत्र उल्लेख करणे आवश्यक आहे. एकोणिसाव्या शतकाच्या मध्यास मुंबईत शिसवीच्या लाकडावर बारीक नक्षी कोरलेल्या खुर्च्या, कोच, मेज आणि कपाटे तयार होत. हे सामान युरोपीय व पारशी घरांत मानाचे समजले जाई, परदेशीही जाई. १८५१ च्या लंडनमधील जागतिक प्रदर्शनात मुंबईचे शिसवी काम मांडण्यात आले होते. शिसव सावकाश वाढते. सामानासाठी लागतो तो तिचा काळसर गाभा, आणि तो जून झाडातच पुरेसा मिळतो. बाहेरचे फिकट लाकूड कारागीर टाकून देतो. म्हणजे एका नक्षीदार कोचामागे रानातील जुनी, बी देणारी झाडे प्रथम जात. सागवानाची खुंटापासून फूट होते, लागवडही तुलनेने सोपी असते. शिसवीच्या बाबतीत ही भरपाई फार मंद गतीने होते. त्या काळातील प्रदर्शनांच्या वर्णनांत कारागिरीची स्तुती भरपूर आढळते, लाकूड कोठून आले याची चौकशी क्वचितच.

घाटमाथा झपाट्याने उघडा पडत असल्याची तक्रार गिब्सन १८४० च्या दशकाच्या आरंभापासून आपल्या पत्रांतून व अहवालांतून करू लागले. ठेकेदार सोयीच्या जागेवरचे, नदी व खाडीजवळचे लाकूड आधी नेतात आणि कोवळी झाडेही सोडत नाहीत, याकडे त्यांनी लक्ष वेधले. दक्षिण कोकणातील डोंगर उघडे झाल्यावर झरे आटले आणि वाहून आलेल्या मातीने खाड्या भरू लागल्या, हे त्यांचे निरीक्षण विशेष महत्त्वाचे ठरले. रान गेल्याने हवा कोरडी होते आणि पाऊस घटतो, हा विचार त्या वेळी युरोपातील शास्त्रज्ञांत प्रचलित होता. गिब्सन यांनी त्याला सह्याद्रीतील प्रत्यक्ष उदाहरणांची जोड दिली. पावसाविषयीचा त्यांचा निष्कर्ष आजच्या कसोटीवर जसाच्या तसा उतरेल असे नाही. माती व झऱ्यांविषयीचे त्यांचे म्हणणे मात्र घाटातला कोणताही शेतकरी मान्य करील.

वनसंरक्षक

१८४७ मध्ये मुंबई सरकारने गिब्सन यांची वनसंरक्षक म्हणून नेमणूक केली आणि १८६० पर्यंत ते या पदावर होते. त्यांना भारतातील पहिले वनसंरक्षक असेही म्हटले जाते, परंतु ते थोडे जपून वाचले पाहिजे. मलबारमध्ये १८०६ साली कॅप्टन वॉटसन यांना याच नावाचे पद देण्यात आले होते. मात्र त्यांचे काम आरमारासाठी सागवान मिळवण्यापुरते होते, आणि व्यापारी व जमीनमालकांच्या तक्रारींनंतर १८२३ मध्ये ते पद रद्द झाले. शास्त्रीय पाहणी, नोंदी आणि लागवड यांवर उभे असलेले वनखाते प्रथम गिब्सन यांच्या हाताखाली आले. मद्रास इलाख्यात ह्यू क्लेगहॉर्न यांची नेमणूक १८५६ ची, तर सर्व हिंदुस्थानसाठी डीट्रिच ब्रँडिस यांची १८६४ ची आहे.

खाते लहान आणि प्रदेश अफाट होता. राने राखायची आणि त्याच वेळी गोदी, सरकारी बांधकामे व पुढे रेल्वे यांना लाकूडही पुरवायचे, अशी दुहेरी जबाबदारी या पदावर होती. सागवान, शिसव आणि चंदन ही झाडे सरकारने स्वतःसाठी राखून ठेवली. ती शेतकऱ्याच्या बांधावर उभी असली तरी सरकारचीच समजली जात. याचा एक विपरीत परिणाम झाला. जे झाड आपल्या शेतात वाढूनही आपले होणार नाही, त्याचे रोप जपण्यात शेतकऱ्याला काही हशील उरले नाही. दुसरीकडे ब्रह्मदेशातील मौलमीनचे सागवान मुंबईच्या बाजारात येऊ लागले होते, त्यामुळे सह्याद्रीवरचा काही भार तिकडच्या रानांवर गेला.

राब, कुमरी आणि वननिर्बंध

डोंगरउतारावरील झाडी तोडून, जाळून त्या राखेत नाचणी-वरी पेरण्याच्या फिरत्या शेतीला कुमरी म्हणतात. गिब्सन यांनी या पद्धतीला रानाच्या नाशाचे मोठे कारण ठरवले व तिच्यावर निर्बंध सुचवले. त्यांच्या कार्याचे मूल्यमापन करताना हीच बाजू सर्वांत वादाची ठरते. कुमरी करणारी कुटुंबे एक तुकडा काही वर्षांसाठी सोडून पुढे जात आणि तेथे पुन्हा झाडी उभी राहत असे. लोकसंख्या वाढली व रान आक्रसले, तेव्हा हे चक्र तुटले हे खरे. तरी गोदी, वखारी आणि रेल्वे यांच्या मागणीपुढे कुमरीची तोड किरकोळ होती, आणि कायद्याचा पहिला हात मात्र कुमरीवाल्यावर पडला.

जुन्नर आणि आंबेगावच्या पश्चिम पट्ट्यातील महादेव कोळी समाजाला हा प्रश्न राबाच्या रूपाने भेडसावला. भाताच्या रोपासाठी निवडलेल्या तुकड्यावर ऐन वगैरे झाडांच्या फांद्या, पालापाचोळा, शेण व माती यांचे थर देऊन उन्हाळ्यात ते भाजतात, त्याला राब म्हणतात. त्यासाठी झाड तोडावे लागत नाही, फांद्या खोडाव्या लागतात. १८६५ आणि १८७८ च्या वन कायद्यांनी राने राखीव झाली, तसे हे साधे कामही परवान्याचे व दंडाचे झाले. हे कायदे गिब्सन यांच्या निवृत्तीनंतरचे आहेत, तथापि त्यांची पायवाट त्यांच्याच काळात पडली होती. महात्मा जोतीराव फुले यांनी 'शेतकऱ्याचा असूड' या ग्रंथात वनखात्याच्या जाचावर कठोर टीका केली. ठाणे व कुलाबा भागातील राबाच्या तक्रारींमुळे १८८५ मध्ये सरकारला मुंबई वन आयोग नेमावा लागला.

याच डोंगरांत लोकांनी स्वतः राखलेली रानेही आहेत. आंबेगाव तालुक्यातील आहुपे येथील देवराई त्यांपैकी प्रसिद्ध असून, वा. द. वर्तक आणि माधव गाडगीळ यांनी १९७० च्या दशकात महाराष्ट्रातील देवरायांचा अभ्यास करून त्यांचे महत्त्व मांडले. देवराईतील वाळलेली काटकी उचलण्यावरही गावाचे नियम असत. कोणत्याही खात्याच्या मदतीवाचून ही झाडी टिकली.

ग्रंथलेखन आणि चित्रसंग्रह

मुंबई परिसरातील वनस्पतींची पहिली मोठी यादी जॉन ग्रॅहम यांनी तयार केली व ती १८३९ मध्ये प्रसिद्ध झाली. तिच्यानंतरचा महत्त्वाचा टप्पा म्हणजे १८६१ चा 'द बॉम्बे फ्लोरा'. सहलेखक डॅल्झेल (१८१७–१८७७) हे मुंबईच्या जकात खात्यात होते, आणि पुढे वनसंरक्षक म्हणून गिब्सन यांचे उत्तराधिकारीही झाले. थिओडोर कुक यांचा इलाख्याच्या वनस्पतींवरील ग्रंथ १९०१ ते १९०८ दरम्यान निघेपर्यंत अभ्यासकांची भिस्त मुख्यतः याच पुस्तकावर होती. इलाख्यातील रानांविषयी गिब्सन यांनी एक मार्गदर्शिकाही लिहिली. 'क्रोटन गिब्सोनियानस' या सह्याद्रीतील वनस्पतीच्या नावात त्यांचे नाव आहे.

दापोडी येथे १८४७ ते १८५० च्या सुमारास गिब्सन यांनी एका भारतीय चित्रकाराकडून उद्यानातील व परिसरातील वनस्पतींची दीडशेहून अधिक रंगीत चित्रे काढून घेतली. हा संग्रह आज एडिंबरा येथील रॉयल बोटॅनिक गार्डनमध्ये जतन केलेला आहे. हेन्री नोल्टी यांनी २००२ मध्ये त्यावर पुस्तक प्रसिद्ध करून गिब्सन यांचे चरित्रही उजेडात आणले. चित्रे ज्याच्या हातची आहेत त्या कलावंताचे नाव मात्र कोणी नोंदवून ठेवले नाही.

नंतरचा काळ

१८६० मध्ये गिब्सन निवृत्त झाले आणि १८६७ मध्ये त्यांचे निधन झाले. दापोडीचे उद्यान त्यांच्यानंतर फार काळ टिकले नाही. १८७३ मध्ये पुण्यातील गणेशखिंड येथे नवे वनस्पती उद्यान सुरू झाले.

गिब्सन यांनी राखू पाहिलेल्या रानांपैकी भीमाशंकरचा भाग १९८५ मध्ये अभयारण्य म्हणून घोषित झाला. महाराष्ट्राचा राज्यप्राणी शेकरू तेथे आढळतो. पश्चिम पट्ट्यातील आदिवासी कुटुंबांना आज सागवानापेक्षा हिरड्याच्या झाडाचा आधार अधिक आहे, कारण ते उभे ठेवूनच दरवर्षी उत्पन्न देते. २००६ च्या वनहक्क कायद्याने अशा गौण वनउपजांवरील त्यांचा हक्क मान्य केला. शिसवीसह तिच्या संपूर्ण प्रजातीचा आंतरराष्ट्रीय व्यापार २ जानेवारी २०१७ पासून 'साइट्स' कराराच्या दुसऱ्या परिशिष्टाखाली नियंत्रित झाला असून, त्यामुळे भारतातून शिसवी सामान परदेशी पाठवताना कागदपत्रे द्यावी लागतात. देशातील तोडीवर सर्वोच्च न्यायालयाने डिसेंबर १९९६ मध्ये कडक निर्बंध घातल्यानंतर सामान बनवणाऱ्यांची मागणी आयात लाकूड, प्लायवुड आणि लागवडीच्या झाडांकडे वळली. त्या आयातीत ब्रह्मदेशचे सागवान मोठ्या प्रमाणावर होते. २०१४ च्या एप्रिलमध्ये त्या देशाने ओंडक्यांच्या निर्यातीवर बंदी घातली.