मलिक अंबर : गुलामीतून सत्तेच्या शिखरावर पोहोचलेला हबशी

मराठ्यांचे घोडदळ नर्मदेपलीकडे गेले ते पेशवाईत, अशी आपली सर्वसाधारण समजूत असते. २९ नोव्हेंबर १७२८ रोजी धारजवळच्या अमझेरा येथे चिमाजी अप्पांनी माळव्याचा मोगल सुभेदार गिरधर बहादूर याचा पाडाव केला. पुढे पवारांची एक गादी धारला आणि तुकोजी व जिवाजी या बंधूंच्या दोन गाद्या देवासला स्थिरावल्या. आजही या दोन गावांतील मराठी कुटुंबे आपला इतिहास तेथून मोजतात. मात्र त्याच्या शंभर वर्षे आधी दख्खनच्या स्वारांनी नर्मदा ओलांडून धारजवळच्या मांडवगडाचा परिसर लुटला होता. त्या सैन्यात मराठे होते, दख्खनी मुसलमान होते आणि हबशीही होते. त्या सर्वांचा सूत्रधार होता मलिक अंबर. आफ्रिकेच्या भूमीवर जन्मलेला, कोवळ्या वयात बाजारात विकला गेलेला आणि अखेर निजामशाहीचा सर्वसत्ताधीश झालेला हा पुरुष १४ मे १६२६ रोजी निवर्तला. त्या घटनेला २०२६ साली ४०० वर्षे पूर्ण होतात.

अंबरचा जन्म १५४८ च्या सुमारास आजच्या इथिओपियात झाला. हरारच्या आसपासचा मुलूख ही त्याची जन्मभूमी होती, असे बहुतेक अभ्यासक मानतात. आईवडिलांनी ठेवलेले त्याचे नाव चापू. तो जन्मला त्या काळात तो देश युद्धांनी पोळून निघाला होता. इथिओपियाचे ख्रिस्ती राज्य आणि अहमद ग्रान या इमामाच्या नेतृत्वाखालील मुस्लिम सल्तनत यांच्यात प्रदीर्घ संघर्ष झाला. गोव्यातील वाचकांना या संघर्षाचा एक धागा जवळचा वाटेल. १५४१ मध्ये गोव्याहून तांबड्या समुद्रात गेलेल्या पोर्तुगीज आरमारातून वास्को द गामाचा मुलगा क्रिस्तोव्हांव द गामा सुमारे ४०० बंदूकधाऱ्यांसह ख्रिस्ती राजाच्या मदतीस उतरला आणि पुढच्याच वर्षी तेथे मारला गेला. १५४३ मध्ये इमामही रणांगणावर पडला. दोन्ही बाजूंचे बळ खचले, ओरोमो जमातींची स्थलांतरे सुरू झाली आणि या धुमश्चक्रीत पकडलेली माणसे गुलामांच्या व्यापाऱ्यांच्या हाती पडू लागली. चापू हा त्यांपैकीच एक.

तांबड्या समुद्रावरील मोखा बंदर, तेथून बगदाद, असा त्याचा प्रवास झाला. बगदादच्या मीर कासिम नावाच्या व्यापाऱ्याने या मुलाची कुशाग्र बुद्धी हेरली, त्याला लिहायला-वाचायला आणि हिशेब ठेवायला शिकवले, इस्लामची दीक्षा दिली आणि अंबर असे नाव ठेवले. अंबर हे एक मौल्यवान सुगंधी द्रव्य. गुलामांना याकूत, काफूर, संदल अशी किमती वस्तूंची नावे देण्याचा तेव्हा प्रघात होता. नाव कितीही सुंदर असले तरी ते मालाला दिलेले नाव होते, हे विसरता येत नाही.

१५७० च्या आसपास अंबर दख्खनमध्ये आला. अहमदनगरच्या निजामशाहीचा पेशवा चंगेझखान याने त्याला विकत घेतले. हा चंगेझखान स्वतःही एकेकाळचा हबशी गुलाम होता. यात नवल असे नव्हते. दख्खनच्या दरबारांत इराण-तुराणातून आलेले परदेशी सरदार आणि स्थानिक दख्खनी यांच्यात सतत चढाओढ चाले. सुलतानांना विश्वासू हात हवे असत. घरदार, गोत्र, मुलूख मागे सुटलेला हबशी केवळ धन्याशीच बांधील राहील, या हिशेबाने त्यांना सैन्यात घेतले जाई. उत्तरेकडेही हीच रीत होती. मांडवगडचा सुलतान गियासुद्दीन खिलजी याच्या अंतःपुराच्या पहाऱ्यावर ५०० हबशी स्त्रिया शस्त्रे घेऊन उभ्या असत, असे फरिश्ता या इतिहासकाराने नोंदवले आहे. ही गुलामी अटलांटिकपारच्या मळ्यांतील गुलामीहून निराळी होती. येथे गुलामाला तलवार मिळे, पुढे स्वातंत्र्य मिळे आणि कर्तृत्व असेल तर जहागीरही मिळे. परंतु तिचा आरंभ मात्र दोन्हीकडे सारखाच होता: आईपासून तोडलेले मूल आणि बाजारात ठरलेली किंमत.

चंगेझखानाच्या मृत्यूनंतर त्याच्या विधवेने अंबरला मुक्त केले. त्याने करीमा नावाच्या हबशी स्त्रीशी विवाह केला आणि नशीब काढण्यासाठी बाहेर पडला. काही काळ विजापूरच्या आदिलशाहीत चाकरी करून त्याने मलिक हा किताब मिळवला. १५९५ च्या सुमारास तो निजामशाहीत परतला तेव्हा त्याच्या हाताखाली जेमतेम १५० स्वार होते.

निजामशाहीचा तो अखेरचा काळ वाटत होता. अकबराच्या फौजा अहमदनगरच्या दाराशी होत्या. चांदबिबीने किल्ला शर्थीने लढवला, पण १६०० मध्ये तिची हत्या झाली आणि किल्ला मोगलांच्या हाती गेला. बाल सुलतान कैद झाला. राजधानी गेली, राजा गेला, म्हणजे राज्य संपले, असे मोगलांनी मानले. मलिक अंबरने ते मानले नाही. निजामशाही घराण्यातील एक वंशज शोधून त्याने परांड्याच्या किल्ल्यात त्याला दुसरा मुर्तजा म्हणून गादीवर बसवले, आपली मुलगी त्याला दिली आणि राज्याची सूत्रे स्वतःच्या हाती घेतली. राजू दखनी या प्रतिस्पर्ध्याचा बंदोबस्त करायला त्याला काही वर्षे लागली. पुढे राजधानी जुन्नरला आणि मग दौलताबादच्या परिसरात आली. १६१० मध्ये इंग्रज व्यापारी विल्यम फिंच याने अंबरच्या सैन्याचा आकडा १० हजार हबशी आणि ४० हजार दख्खनी असा नोंदवला. दीड दशकापूर्वीचे १५० स्वार आठवले म्हणजे या वाढीची कल्पना येते.

सत्ता हाती आली तरी जन्माचा डाग लोकांनी पुसू दिला नाही. सुलतानाच्या थोरल्या इराणी बेगमेने अंबरच्या मुलीचा गुलामाची पोर म्हणून अपमान केला आणि त्या प्रकरणाची अखेर १६१० मध्ये सुलतान व ती बेगम यांच्या मृत्यूत झाली, असे डच व्यापारी पीटर व्हॅन डेन ब्रूक याच्या नोंदीतून कळते. अंबरने त्यानंतर सुलतानाच्या बालपुत्राला गादीवर बसवले. त्याचे हे कृत्य समर्थनीय ठरत नाही. पण दरबारातील वर्णाचा आणि कुळाचा अहंकार किती धारदार होता, हे त्यावरून दिसते. जहांगीर बादशहाही आपल्या आत्मवृत्तात अंबरचा उल्लेख त्याच्या रंगावरून हिणवल्याशिवाय करीत नाही. त्याच्या दरबारातील अबुल हसन या चित्रकाराने भाल्यावर खोचलेल्या अंबरच्या मस्तकावर बादशहा बाण सोडतो आहे, असे चित्र रंगवले. प्रत्यक्षात ते मस्तक जहांगीरच्या हाती कधीच लागले नाही. जे रणांगणावर जमले नाही, ते कागदावर करून बादशहाला समाधान मानावे लागले.

मोगलांचे बळ तोफा, हत्ती आणि अवजड छावणी यांत होते. अंबरने त्यांच्याशी समोरासमोरची लढाई शक्यतो टाळली. चपळ मराठा स्वारांच्या टोळ्या शत्रूच्या पिछाडीवर सोडायच्या, रसद तोडायची, दाणा-वैरण जाळायची, डोंगराळ मुलखात त्याला ओढून थकवायचे, ही त्याची रीत. गनिमी कावा या तंत्राला दख्खनमध्ये संघटित रूप देण्याचे श्रेय त्याच्याकडे जाते. मालोजी आणि शहाजी भोसले, लखुजी जाधवराव यांसारखे सरदार याच निजामशाहीच्या सेवेत वावरले.

अर्थात प्रत्येक डाव त्याच्या बाजूने पडला नाही. १६१६ मध्ये रोशनगावच्या लढाईत त्याचा पराभव झाला आणि त्याने वसवलेले खिरकी शहर मोगलांनी जाळले. १६१७ मध्ये दख्खनची मोहीम जवळून पाहता यावी म्हणून जहांगीर मांडवगडावर येऊन राहिला. शाहजादा खुर्रम बुऱ्हाणपुरास गेला. अंबरला बालाघाटचा प्रदेश आणि अहमदनगरच्या किल्ल्याच्या किल्ल्या द्याव्या लागल्या. त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये मांडवगडावरच्या दरबारात खुर्रमला शाहजहान हा किताब मिळाला. ताजमहालाच्या निर्मात्याचे जगप्रसिद्ध नाव धारजवळच्या त्या गडावर, मलिक अंबरवरील मोहिमेच्या यशाबद्दल दिले गेले, ही गोष्ट क्वचितच सांगितली जाते.

हे यश तीन वर्षेही टिकले नाही. १६२० मध्ये जहांगीर काश्मीरकडे गेलेला पाहून अंबरने तह मोडला. अहमदनगरला वेढा पडला, मोगल सेनानी मागे हटत बुऱ्हाणपुरात कोंडले गेले आणि दख्खनी स्वार नर्मदा उतरून मांडवगडाच्या पायथ्यापर्यंत पोहोचले. शाहजहान देवासशेजारच्या उज्जैनला आला तेव्हा मांडवगडच्या अधिकाऱ्याचा मदतीसाठी निरोप आला. स्वारांना मागे रेटण्यात आले, खिरकी पुन्हा उद्ध्वस्त झाली आणि दख्खनच्या तीन शाह्यांवर मिळून ५० लाख रुपयांची खंडणी बसली. पण अंबर संपला नाही. पुढे पित्याविरुद्ध बंड करून परागंदा झालेल्या याच शाहजहानला आसरा देऊन त्याच्यासह बुऱ्हाणपुरास वेढा घालण्याचा योग अंबरच्या अखेरच्या दिवसांत आला.

त्याच्या युद्धकौशल्याचा कळस १६२४ मध्ये अहमदनगरजवळच्या भातवडी येथे दिसला. मोगल आणि आदिलशाही यांच्या संयुक्त फौजा त्याच्यावर चालून आल्या. अंबरने तलावाचा बांध फोडला. शत्रूची छावणी चिखलात रुतली, रसद तुटली, सैनिक फुटून येऊ लागले आणि मग त्याने निर्णायक हल्ला चढवला. शहाजीराजे या लढाईत पराक्रमाने लढले. त्यांचे बंधू शरीफजी तेथे धारातीर्थी पडले.

तलवारीपेक्षाही अंबरचे नाव खेड्यापाड्यांत टिकले ते त्याच्या जमीनमहसुलाच्या व्यवस्थेमुळे. महसुलाचा मक्ता देण्याची पद्धत त्याने बंद केली. मक्तेदार सरकारला ठरलेली रक्कम भरी आणि रयतेकडून मन मानेल तेवढे वसूल करी. त्याऐवजी जमिनीची प्रत आणि अनेक हंगामांतील पीक पाहून सारा ठरवण्यात आला. तो धान्यरूपाने सुमारे दोन पंचमांश आणि नंतर रोखीने साधारण एक तृतीयांश असे. वसुलीची जबाबदारी गावच्या पाटलावर आली. युद्धाने उजाड झालेल्या मुलखात शेतकरी टिकला तरच राज्य टिकेल, हे त्याला उमगले होते. शिवकालात मलिकंबरी धारा हाच पुढील सुधारणांचा पाया ठरला.

खिरकीसाठी त्याने बांधलेली नहर-ए-अंबरी हेही त्याचे चिरस्थायी काम. उत्तरेकडील डोंगराळ भागातील भूजल बंदिस्त मार्गाने शहरात आणून घरोघर, मशिदी-हौदांपर्यंत पोहोचवण्याची ही योजना होती. तिचे पाणी पुढची कित्येक पिढ्या लोक प्याले. त्याच खिरकीचे पुढे फतेहनगर, औरंगाबाद आणि आता छत्रपती संभाजीनगर झाले. तेथील भडकल दरवाजा आजही उभा आहे.

वयाच्या ऐंशीच्या घरात अंबरचा मृत्यू झाला. खुलताबादला त्याची कबर आहे, जवळच करीमाचीही. मोगल इतिहासकार मुतमदखान याने, शत्रुपक्षाचा असूनही, त्याच्या शौर्याची, कारभाराची आणि मुलखातील सुव्यवस्थेची मुक्तकंठाने प्रशंसा केली. मुलगा फतेहखान याच्याकडे मात्र बापाची दृष्टी नव्हती. १६३३ मध्ये त्याने दौलताबाद मोगलांच्या स्वाधीन केले. त्यानंतर शहाजीराजांनी निजामशाही वंशातील एका बालकाला गादीवर बसवून १६३६ पर्यंत राज्य झुंजत ठेवले. राजा हरपला तरी राज्य उभे करता येते, हा धडा अंबरने ३३ वर्षांपूर्वी परांड्यात घालून दिला होता.

आफ्रिकेचा इतिहास आपल्याकडे बहुधा वसाहतींपासून सुरू होतो. १८८४-८५ च्या बर्लिन परिषदेनंतर युरोपीय सत्तांनी ते खंड वाटून घेतले आणि विसाव्या शतकात एकेक देश मुक्त झाला, एवढेच आपण जाणतो. अंबरच्या जन्मभूमीने १८९६ मध्ये अडव्याच्या रणात इटलीचा पराभव करून आपले स्वातंत्र्य राखले, हेही फारसे आठवत नाही. गोव्याचा तर या इतिहासाशी प्रत्यक्ष संबंध आहे. पोर्तुगीजांनी मोझांबिकहून गुलाम आणून पणजी-जुन्या गोव्यातील घरांत राबवले. त्यांना आपण खाप्री म्हणत आलो आणि आजही हा शब्द हेटाळणीच्याच अर्थाने वापरतो. सीमेपलीकडे यल्लापूर, हल्याळच्या जंगलपट्ट्यात राहणाऱ्या सिद्दी समाजाचे पूर्वज बव्हंशी गोव्यामार्गेच तेथे गेले. अनुसूचित जमातीचा दर्जा मिळायला त्यांना २००३ साल उजाडले.

मांडवगडच्या उतारांवर गोरखचिंचेचे प्रचंड बुंध्याचे वृक्ष आहेत. ते मूळचे आफ्रिकेतले. शतकांपूर्वी कोणीतरी त्यांचे बीज समुद्रापलीकडून आणले, येथल्या मातीने ते स्वीकारले आणि आज त्यांच्याविना मांडवगडाचे चित्र पुरे होत नाही. मलिक अंबरविना सतराव्या शतकातील दख्खनचे चित्रही असेच अपुरे राहते. विकला गेलेला एक मुलगा येथे आला आणि या मातीतील शेतकऱ्याचा सारा, शहराचे पाणी आणि लढण्याची रीत ठरवून गेला. खाप्री हा शब्द ओठांवर येईल तेव्हा निदान एवढे स्मरण आपण ठेवायला हवे.