लाडांची लेक, पडद्यावरची तारामती

मैत्रिणींनो, आमच्या रेणापुरात आजही पोरगी नाटकात काम करणार म्हटलं की आधी निघतं, लोक काय म्हणतील! १९१३ साली तर दादासाहेब फाळक्यांना तारामतीसाठी बाईच मिळेना. शेवटी अण्णा साळुंके या पुरुषानं लुगडं नेसून ते काम केलं. पुढं बायका पडद्यावर आल्या, पण 'चांगल्या घरच्या' मुलींना तिकडं बघायचीही चोरी.

तीच तारामती १९३२ मध्ये दुर्गा खोटे यांनी केली. 'प्रभात'चा 'अयोध्येचा राजा', मराठीतला पहिला बोलपट. दुर्गाबाई मुंबईच्या सधन लाडांची लेक, कॉलेजात शिकलेली. सासरी पैशाची ओढाताण झाली, पदरात दोन मुलं. आदल्याच वर्षी 'फरेबी जाल'मध्ये जरासं काम केलं, तर लोकांनी नको नको ती नावं ठेवलेली. तरी बाई कोल्हापूरला गेल्या, गाणीही स्वतःच गायल्या. (पार्श्वगायन तेव्हा कुठलं!) तारामती लोकांना भावली, आणि घरंदाज मुलींसाठी सिनेमाचं दार किलकिलं झालं. १९३७ साली त्यांनी 'साथी' काढला, दिग्दर्शनही स्वतःच केलं.

१९९१ मध्ये त्या गेल्या. टीव्हीवर 'मुगल-ए-आझम' लागला की सलीमची आई नीट बघा. त्याच या दुर्गाबाई.